टीबीएम म्हणजे नेमके कोणते यंत्र?

मुंबईच्या मेट्रो-३ मार्गासाठी २०१७ साली बोगदे खोदणारी यंत्रे जमिनीखाली उतरू लागली आणि ‘टीबीएम’ हे नाव मराठी वर्तमानपत्रांत रुळले. वैतरणा, सूर्या, गोदावरी, कृष्णा, वैनगंगा, तापी, तानसा अशी नद्यांची नावे त्या यंत्रांना दिली होती. पुण्यात मुठा, मुळा आणि पवना आल्या, सागरी किनारा मार्गावर ‘मावळा’ आला. आता ठाणे-बोरिवली, गोरेगाव-मुलुंड आणि ठाणे खाडीखालचा बुलेट ट्रेनचा बोगदा या कामांच्या बातम्यांतही हे नाव सतत भेटते. त्याबरोबर एक समजही पक्का झाला आहे: टीबीएम आले म्हणजे सुरुंग नाहीत, हादरे नाहीत आणि काम झपाट्याने होणार. यात तथ्य आहे, पण ते अर्धेच. गिरगावच्या जुन्या इमारतींखालून गेलेले यंत्र, मलबार हिलखालून गेलेले यंत्र, कुलूच्या डोंगरात अडकलेले यंत्र आणि तेलंगणात व्याघ्र प्रकल्पाखाली ढिगाऱ्यात सापडलेले यंत्र या सगळ्यांना आपण एकाच नावाने ओळखतो. त्यांची घडण वेगळी होती, समोरचा खडक वेगळा होता आणि निकालही वेगळे लागले.

या नावाचा तांत्रिक अर्थ बराच नेमका आहे. बोगद्याचे सगळे तोंड (कामावरची माणसे त्याला ‘फेस’ म्हणतात) एकाच वेळी, फिरत्या चक्राने कापत पुढे सरकते ते टनेल बोरिंग मशीन. म्हणूनच त्याचा बोगदा जवळजवळ नेहमी गोल असतो. या चक्राला, म्हणजे कटरहेडला, कठीण खडकासाठी पोलादी चकत्या बसवलेल्या असतात. साधारण सतरा किंवा एकोणीस इंच व्यासाच्या या चकत्यांना स्वतःची मोटर नसते. त्या आपापल्या आसाभोवती मोकळ्या फिरतात. मागचे जॅक कटरहेड खडकावर रेटतात, मोटरी ते फिरवतात, आणि प्रत्येक चकती खडकावर आपली एक गोल चाकोरी पाडत जाते.

चकती खडक घासत नाही, दाबून फोडते. एका चकतीवर पंचवीस टनांपर्यंत भार येतो. तिच्या धारेखालच्या खडकाचा चुरा होतो आणि त्या चुऱ्यातून आजूबाजूला भेगा फुटतात. शेजारच्या चकतीची चाकोरी आठ-दहा सेंटिमीटरवर असते. दोन्हीकडच्या भेगा एकमेकींना मिळाल्या की मधला खडक चपट्या कपचीच्या रूपाने सुटतो. पाथरवट मोठा धोंडा दुभंगताना छिद्रांची ओळ घेऊन त्यांत पाचरी ठोकतो, त्याच्याही मुळाशी हीच गोष्ट आहे. खडक दाब पुष्कळ सोसतो, पण ताण सोसण्याची त्याची ताकद त्याच्या साधारण दहाव्या हिश्श्याएवढीच असते.

म्हणूनच कन्व्हेयर पट्ट्यावरून येणारा मक, म्हणजे कापलेल्या खडकाचा माल, हा तिथल्या अभियंत्याचा रोजचा अहवाल असतो. लांबट, चपट्या, धारदार कडांच्या कपच्या येत असतील तर कापणी नीट चालली आहे. नुसती भुकटी येऊ लागली तर चकत्या बोथट झाल्या असतील किंवा रेटा कमी पडत असेल. आणि ओबडधोबड मोठे तुकडे पडू लागले तर सावध व्हायचे: पुढचा खडक फुटीर आहे, यंत्र कापण्याआधीच तोंड ढासळते आहे.

वेगाचा हिशेबही इथेच कळतो. सहा-साडेसहा मीटर व्यासाच्या यंत्राला चाळीसेक चकत्या धरल्या तर एकूण रेटा हजार टनांचा होतो. एका फेऱ्यात चक्र ५ मिलिमीटर आत गेले आणि मिनिटाला ६ फेरे झाले तर तासाला १.८ मीटर कापून होते. चोवीस तासांनी गुणले की ४३ मीटर येतात. कागदावरचा हा आकडा बोगद्यात रोज मिळत नाही, कारण कटरहेड प्रत्यक्ष फिरते ते बहुतेक कामांत निम्म्याहून कमी वेळ. बाकीचा वेळ काँक्रीटच्या अस्तराचे सेगमेंट बसवण्यात, मक बाहेर नेण्यात, दुरुस्तीत आणि चकत्या बदलण्यात जातो. एकेक चकती शंभर किलोहून जड असते. यंत्र थांबवून माणसे कटरहेडच्या मागच्या चिंचोळ्या जागेत शिरतात, बोल्ट सोडवतात, झिजलेली चकती साखळीने किंवा उचलयंत्राने बाहेर ओढतात आणि नवी बसवतात. जमीन मऊ, पाण्याने भरलेली असेल तर हेच काम दाबाखालच्या हवेत करावे लागते. आत जाताना आणि बाहेर येताना पाणबुड्यांप्रमाणे दाब हळूहळू जुळवून घ्यावा लागतो. बोगद्याच्या कामाचा खरा कस या कामात लागतो, आणि बातम्यांत त्याला फारशी जागा मिळत नाही.

इथवर पोचायला शंभर वर्षे लागली. १८४६ साली हेन्री-जोसेफ मॉस या अभियंत्याने आल्प्समधल्या फ्रेजुस बोगद्यासाठी शंभराहून अधिक छिन्न्या एकदम चालवणारे यंत्र रचले, पण ते डोंगरापर्यंत कधी गेलेच नाही. अमेरिकेत मॅसॅच्युसेट्समधल्या हूसॅक बोगद्यात चार्ल्स विल्सनचे यंत्र १८५३ साली लावले. सुमारे तीन मीटर कातळ कापून ते बंद पडले आणि तो बोगदा शेवटी सुरुंगांनीच १८७५ साली पुरा झाला. पुढे १८८०च्या दशकात इंग्लिश खाडीखाली ब्यूमाँट आणि इंग्लिश या अभियंत्यांच्या रचनेच्या यंत्राने दोन्ही किनाऱ्यांवरून दीड-दोन किलोमीटर बोगदे पाडले. तिथला खडक मऊ खडूचा होता आणि काम थांबले ते लष्करी भीतीमुळे. कठीण खडकाचे कोडे सुटले ते जेम्स रॉबिन्स यांच्या हातून. दक्षिण डकोटातल्या ओआहे धरणावर १९५०च्या दशकाच्या सुरुवातीला त्यांचे मोठे यंत्र चालले, पण तिथला शेल खडक नरम होता. कस लागला तो १९५६ साली टोरोंटोच्या सांडपाणी बोगद्यात. तिथे कटरहेडवरची टोकदार दातेरी हत्यारे सारखी तुटत होती. ती काढून टाकून केवळ चकत्यांवर काम करून पाहिले आणि ते जमले. आजची सगळी कठीण खडकाची यंत्रे त्या निर्णयाची वारस आहेत.

मग एकाच नावाखाली इतकी वेगळी यंत्रे कशी? फरक आहे तो मागच्या धडात. खडक मजबूत आणि आपल्या बळावर उभा राहणारा असेल तर यंत्र दोन्ही बाजूंना पाय रोवून त्याच भिंतींच्या आधाराने पुढे रेटते. हे ग्रिपर यंत्र. खडक फुटीर असेल तर भोवती पोलादी नळकांडे, म्हणजे शील्ड, लागते, आणि यंत्र आपणच मागे बसवलेल्या काँक्रीटच्या रिंगवर टेकून रेटा घेते. हे शील्ड एकेरी असते तसे दुहेरीही असते. दुहेरीत कापणे आणि रिंग बसवणे बरोबरीने चालू शकते. माती, वाळू आणि पाणी समोर असेल तर तोंडावर दाब राखावा लागतो, नाहीतर वरची जमीन खचते. हा दाब खोदलेल्या चिखलानेच राखायचा की बेंटोनाइटच्या पातळ गाऱ्याने, यावरून अर्थ प्रेशर बॅलन्स आणि स्लरी असे दोन प्रकार होतात. मुंबईच्या किनारा मार्गावरचे १२.१९ मीटर व्यासाचे ‘मावळा’ स्लरी प्रकारचे होते. प्रियदर्शिनी पार्क ते गिरगाव चौपाटीच्या दरम्यानचे सुमारे दोन किलोमीटरचे दोन बोगदे त्याने जानेवारी २०२१ ते मे २०२३ या काळात पाडले.

टीबीएम नसलेली, तरी त्याच नावाने खपणारी यंत्रेही कमी नाहीत. लांब हातावर दातेरी डोके फिरवत तोंडाचा एकेक भाग खरवडत जाते ते रोडहेडर. ते बोगद्याला हवा तो आकार देते, किंमतीला कमी पडते, एका जागेवरून दुसरीकडे सहज हलते. सिडनीच्या वालुकाश्मात रस्त्यांचे कित्येक किलोमीटर बोगदे रोडहेडरनेच झाले. पण खडकाची ताकद साधारण १०० मेगापास्कलच्या, म्हणजे दर चौरस सेंटिमीटरला एक टन दाबाच्या, पुढे गेली की त्याचे दात भराभर झिजतात. आपला घट्ट काळा कातळ बऱ्याच ठिकाणी या रेषेच्या पलीकडे आहे. पोकलेनला लावलेला ब्रेकर आपटून फोडतो. ड्रिल जंबो सुरुंगासाठी भोके घेतो. कोकणातल्या चिरेखाणीवर रुळांवरून फिरणारी, गोल पात्यांची चिरे कापायची मशीन जांभ्यापुरती उत्तम. एनएटीएम हे तर यंत्रच नाही; खोदून लगेच काँक्रीट फवारत, बोल्ट मारत, खडकाची हालचाल मोजत पुढे जायची ती पद्धत आहे. मेट्रो-३ ची गिरगाव, काळबादेवी यांसारखी काही स्थानके अंशतः या पद्धतीने झाली.

या सगळ्यांत ऑगर मशीनविषयी सविस्तर सांगायला हवे, कारण ते देशभर घराघरांत पोचले. १२ नोव्हेंबर २०२३ रोजी उत्तराखंडमधल्या सिल्क्यारा बोगद्याचा भाग कोसळून ४१ कामगार आत अडकले. ढिगारा सुमारे साठ मीटर जाडीचा होता. मोठे ऑगर यंत्र आणले, आणि ते तासाला किती मीटर जाईल याची गणिते दूरदर्शनच्या पडद्यावर मांडली जाऊ लागली. ऑगर म्हणजे पोलादी नळीच्या आत फिरणारा लांब स्क्रू. तो माती मागे खेचतो आणि नळी पुढे ढकलली जाते. रस्त्याखालून पाण्याची वाहिनी न्यायला हे यंत्र नामी आहे. सिल्क्याऱ्याच्या ढिगाऱ्यात मात्र दगडमातीबरोबर बोगद्याच्या आधाराच्या लोखंडी जाळ्या आणि गर्डर अडकलेले होते. स्क्रूची पाती त्यांत गुंतली आणि तुटली. ती कापून काढायला हैदराबादहून प्लाझ्मा कटर मागवावा लागला. शेवटचे दहा-बारा मीटर, नळीत आडवे होऊन, हातातल्या हत्यारांनी खणले ते ‘रॅट मायनर’ कामगारांनी. २८ नोव्हेंबरला सगळे ४१ जण बाहेर आले. त्या कामगारांच्या कौतुकाला माझ्याकडे शब्द अपुरे आहेत. पण खडक न कापणाऱ्या यंत्राकडून आपण पंधरवडाभर खडक कापण्याची अपेक्षा ठेवून बसलो होतो, हेही तितकेच खरे.

आता आपल्या पायाखालचा खडक. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाच्या थरांवर थर साचून दख्खनचा बेसॉल्ट तयार झाला. दूरून सगळा एकसारखा काळा दिसतो, तो तसा नाही. एक थर घट्ट, घणालाही दाद न देणारा. त्यावरचा पोकळ्यांचा, पांढरी खनिजे भरलेला, बराच हलका. दोन थरांमध्ये कधी लाल गेरूसारखा मऊ पट्टा, ज्यातून पाणी झिरपते. मुंबईत त्यात ज्वालामुखी राखेचा टफ, ब्रेशिया आणि शेलची भर. दक्षिण मुंबईत समुद्र हटवून केलेली जमीन, माहीम-धारावीकडे खाडीचा गाळ. मेट्रो-३ च्या ३३.५ किलोमीटर मार्गावरच्या सतरा यंत्रांची घडण एकसारखी नव्हती ती यामुळेच. २०२२च्या नोव्हेंबरअखेर ४२वा आणि शेवटचा ब्रेकथ्रू झाला. वर जुन्या चाळी, अग्यारी, रेल्वेमार्ग असताना हे काम पार पडले. फोर्ट-काळबादेवी भागातल्या अग्यारींखालून बोगदा न्यावा की नाही हा वाद २०१८ साली उच्च न्यायालयापर्यंत गेला होता. तिथे सुरुंग लावून काम करणे विचारातही घेता आले नसते, आणि टीबीएमची खरी कमाई हीच आहे. मुंबई महापालिकेचे पाण्याचे बोगदेही, म्हणजे शंभर मीटर खोलीवरचे अमर महाल-ट्रॉम्बे आणि अमर महाल-वडाळा-परळ, याच तंत्राने झाले.

बेसॉल्टची एक बाजू कंत्राटदाराला सुखावणारी आहे. यंत्राच्या दृष्टीने खडकाची ताकद जितकी महत्त्वाची, तितकीच त्याची पोलाद झिजवण्याची वृत्ती. ती मोजायची सर्शार नावाची साधी, देखणी चाचणी आहे. पोलादाची टोकदार सुई सात किलो भाराखाली खडकाच्या ताज्या फुटीवरून एक सेंटिमीटर ओढायची आणि तिचे टोक किती सपाट झाले ते सूक्ष्मदर्शकाखाली मोजायचे. जितके दशांश मिलिमीटर, तितका निर्देशांक. क्वार्ट्झने भरलेला ग्रॅनाइट किंवा क्वार्ट्झाइट इथे चार-पाचच्या घरात जातो. बेसॉल्टमध्ये क्वार्ट्झ जवळपास नसतेच, म्हणून तो कठीण असूनही चकत्या त्या मानाने जास्त टिकतात.

याची दुसरी बाजू श्रीशैलम डाव्या कालव्याच्या बोगद्यात दिसली. तेलंगणातला हा बोगदा सुमारे ४४ किलोमीटरचा. वर अमराबादचा व्याघ्र प्रकल्प असल्याने मधूनच आडवाट काढून काम वाटून घेता आले नाही, म्हणून दोन्ही टोकांकडून दहा मीटर व्यासाची दोन यंत्रे लावली. समोर ग्रॅनाइट आणि क्वार्ट्झाइट. चकत्या झिजल्या, पाणी आले, वर्षे सरली. २२ फेब्रुवारी २०२५ रोजी एका बाजूच्या यंत्राजवळ छत कोसळून पाणी आणि चिखलाचा लोंढा आला आणि आठ जण त्यात गेले. त्यानंतर उरलेले काम सुरुंगांनी करण्याकडे राज्य सरकार वळले.

हिमालयात ही कहाणी आधीच घडून गेली होती. कुलूच्या पार्वती-२ प्रकल्पाचा जलबोगदा ३१.५ किलोमीटरचा. त्यातले ग्रिपर यंत्र २००६ साली चिरडलेल्या खडकाच्या पट्ट्यात शिरले, गाळ आणि पाणी आत घुसले, आणि वीजनिर्मिती पूर्णपणे सुरू व्हायला २०२५ उजाडले. तपोवन-विष्णुगाड प्रकल्पात डिसेंबर २००९ मध्ये जोशीमठजवळ यंत्राने पाण्याचा साठा फोडला आणि तेही अडकले. टीबीएमची मोठी मर्यादा यातून दिसते. सुरुंगाच्या कामात तोंड बिघडले तर माणसे मागे सरतात, पद्धत बदलतात, बाजूने वाट काढतात. शेकडो टनांचे, बोगदा पुरता अडवून बसलेले यंत्र मागे घेता येत नाही. ज्या खडकात ते फसते तो खडक तपासायलाही तेच आडवे येते.

म्हणून सुरुंग म्हणजे मागासलेपण हा समज मला चुकीचा वाटतो. बोरघाटातले रेल्वेचे २५ बोगदे १८६३ पर्यंत काळ्या दारूने झाले, त्यांची माणसांच्या जिवात मोजलेली किंमत भयंकर होती. पण आजचे सुरुंगकाम ते राहिलेले नाही. मुंबई-पुणे द्रुतगती मार्गाच्या ‘मिसिंग लिंक’वरचे लोणावळ्याचे रुंद बोगदे सुरुंगांनीच झाले, कारण चार मार्गिकांचा असा घोड्याच्या नालेच्या आकाराचा बोगदा गोल यंत्राला परवडत नाही. कोकण रेल्वेवर करबुडेचा साडेसहा किलोमीटरचा बोगदा कातळात होता, तो सुरुंगाने झाला. गोव्यातला पेडण्याचा बोगदा जेमतेम दीड किलोमीटरचा, पण शेडीसारख्या भुसभुशीत मातीत तो पुन्हा पुन्हा ढासळला आणि त्याने वर्षानुवर्षे दमवले. स्वित्झर्लंडच्या ५७ किलोमीटरच्या गॉटहार्ड बोगद्यातही सगळे काम यंत्रांनी केले नाही. निम्म्याहून थोडे जास्त टीबीएमने, उरलेले सुरुंगांनी.

त्याच गॉटहार्डमध्ये पिओरा नावाचा पट्टा होता. तिथे साखरेसारखा सुटा झालेला डोलोमाइट आणि पाण्याचा प्रचंड दाब आहे अशी भीती होती. खरे असते तर सगळा प्रकल्पच अडला असता. स्विस लोकांनी १९९०च्या दशकात आधी एक शोधबोगदा पाडला, त्यातून खोल तिरकी भोके घेतली आणि मुख्य बोगद्याच्या पातळीवर खडक कोरडा व घट्ट असल्याचे सिद्ध केले. मग मार्ग पक्का झाला, आणि २००८ साली यंत्र त्या पट्ट्यातून विनासायास गेले. अशा तपासणीला वर्षे आणि पैसा दोन्ही लागतात, आणि आपल्याकडे नेमकी तीच सर्वांत आधी कापली जाते.

ठाणे-बोरिवली जुळ्या बोगद्यांचा सुमारे दहा किलोमीटरचा भाग संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाखालून जाणार आहे. वरून यंत्र नेऊन भोके घेणे जंगलात सोपे नसते. अशा ठिकाणी कटरहेडमधून पुढे तीस-चाळीस मीटर लांब शोधभोके घेत जायची सोय यंत्रावर असते. ती घ्यायला दर वेळी काही तास काम थांबवावे लागते आणि कंत्राटात त्या तासांचे पैसे धरलेले नसतील तर ती घेतली जात नाहीत. यंत्राचा प्रकार, वरून घेतलेल्या भोकांच्या नोंदी आणि शोधभोकांची अट या तीन गोष्टी निविदेच्या कागदांत असतात. यंत्राच्या नावाबरोबर आणि व्यासाबरोबर त्याही वर्तमानपत्रांनी छापाव्यात, आणि बोगद्याच्या डोक्यावर राहणाऱ्या लोकांनी त्या मागाव्यात.